दिवसभराची गाडी

कागदावर सात ठिकाणं होती, वेळा घालून.
मांडवा जेटी सव्वानऊ, परत सहाच्या लाँचला.
डिझेल, पार्किंग, पाण्याच्या दोन बाटल्या धरून.
पाटी मी इंग्रजीत रंगवलेली: मिसेस झिराडकर.
उतरली ती बुटकी, कापडी टोपी, सत्तरीच्या पुढची.
मी गुड मॉर्निंग म्हणालो. ती म्हणाली,
"गाडी सावलीत लावलीयस ना रे?"

दिमोना म्हणतात तिच्या गावाला. वाळवंट आहे.
अकराव्या वर्षी गेली, बापाबरोबर.
मागची सीट मी सकाळी पुसून ठेवलेली;
ती पुढे बसली, पट्टा लावला, नाव विचारलं.
निवास, म्हटलं. वरसोलीचा.
"दर्यावर जाणारे का तुम्ही?"
बाबा जायचे. मी हे चालवतो.

झिराडचा फाटा आला. कागदावर नव्हता,
पण आडनाव मला वाचता येतं. थांबू का?
"परत येताना," म्हणाली,
आणि उजवीकडची आंब्याची झाडं बघत राहिली.
गाव डावीकडे होतं.

नवगावच्या दगडांवरची अक्षरं मला येत नाहीत.
गलबत फुटलं, सात जोडपी वाचली,
बाकीची इथे, वाहून आलेली:
एवढं पाठ आहे, तेवढंच सगळ्या पार्ट्यांना सांगतो.
पोराचे पाढे ऐकावेत तसं तिनं ऐकून घेतलं.
मग पिशवीतून लहान पुस्तक काढलं.
"याला दहा पुरुष लागतात. तू धरला जात नाहीस.
तरी उभा राहा. डोक्यावर रुमाल टाक."
उभा राहिलो. चपला काढायच्या की नाही
कळेना, म्हणून एकच काढली.
पलीकडे कुणाच्या बंगल्याचं काँक्रीट चाललेलं.
मिक्सर गरगरू लागला तेव्हा ती मधेच थांबली,
तो थांबल्यावर तिथूनच पुढे.

इस्रायल आळीत मी म्हणालो सिनेगॉग,
बोर्डावर आहे तसं. ती म्हणाली, मशीद.
आमची मशीद.
मी बोर्डाकडे पाहिलं. ती चौकटीला हात लावून आत गेली.

किनाऱ्यावर मोबाईल काढला:
मॅडम, लो टाईड एक वाजता, किल्ल्यात चालत जाता येईल.
तिनं नुसतं पाण्याकडे पाहिलं.
"सुकती लागलीय की. खडप उघडं पडलं बघ."

सुकती.
बाबा गेल्यापासून आमच्या घरात हा शब्द
कुणी तोंडातून काढला नाही. मीही नाही.
पोरीला म्हटलं तर विचारेल, कसली सुकट?
आणि तिकडे, पाणी फक्त नळाला येतं अशा गावात,
साठ वर्षं कुणाला म्हणत होती ती?
कधी म्हणायची वेळ येत होती?

"तू तुझ्या गणपतीला जाऊन ये. मी चपला राखते."
घोटाभर पाण्यातून गेलो.
पार्ट्या घेऊन शंभरदा गेलोय, एकटा पहिल्यांदाच.
हात जोडले, मागायचं काही सुचलं नाही.
परतलो तर तिनं बोरं घेतलेली,
निम्मी माझ्या चपलेशेजारी, कागदावर.

रेवदंड्याला किल्लीवाला पेणला लग्नाला गेलेला.
गज धरून, टाचा उचलून तिनं आत पाहिलं.
"दिवा आहे," म्हणाली.
मीही वाकून पाहिलं. मला अंधारच दिसला.

पाच वाजून दहा मिनिटांनी पुन्हा झिराडचा फाटा.
न विचारता मी गिअर खाली आणला.
"लाँच सुटेल रे."
पन्नास मिनिटं होती, मांडवा वीस मिनिटांवर.
गणित दोघांनाही येत होतं.
गिअर वर टाकला.
आता गाव उजवीकडे होतं, आणि ती डावीकडे पाहत होती.

जेटीवर कंपनीचा फॉर्म दिला, भरावाच लागतो.
सर्व ठिकाणं पाहून झाली का?
तिनं पेन घट्ट धरलं, आणि मराठीत,
अकरा वर्षांच्या मुलीच्या गोल अक्षरात
लिहिलं: होय.